साहेबांचं अर्धं राहिलेलं वाक्य

आधी माफी मागते. माझं ऱ्हस्व-दीर्घ चुकणार, जोडाक्षरं तर हमखास चुकणार, आणि अक्षर म्हणजे कोंबडीनं उकिरडा उकरावा तसं. शाळा चौथीपर्यंत झाली. गावात शाळा तेवढीच होती. पुढची चांदूर बाजारला, आणि मधे नाला. भाऊ नाला ओलांडून गेले. मला घरी धाकट्या बहिणीला खेळवायला ठेवलं. त्यामुळे हे लिहिणं कोणाला दाखवायचं नाही. पोरीच्या कॉलेजच्या वहीत मागची पानं कोरी राहिली होती, त्यावर लिहिते आहे. कधी तिच्या हाती लागलंच तर तिनं लाल पेनानं चुका दुरुस्त करू नयेत, एवढं माझं म्हणणं.

लिहायला बसले ते रागानं. मला राग बोलून दाखवता येत नाही. चार माणसांत बोलायचं म्हटलं की माझा घसा बंद होतो, लहानपणापासूनच. म्हणून राग आतच फिरत राहतो.

गेल्या आठवड्यात आमच्या भागात महिलांचा मेळावा झाला. मोठा हॉल, पंखे, स्टेजवर फुलांची रांगोळी. एक बाई भाषणाला आल्या होत्या. आवाज गोड, साडी भारी. तिला फॉल फार चांगला लावला होता, ते मी आधी पाहिलं, कारण माझा धंदाच तो आहे. त्या म्हणाल्या, संकट म्हणजे संधी असते. म्हणाल्या, गरिबी पैशाची नसते, विचारांची असते. चांगला विचार केला की चांगलंच घडतं. मग आम्हा सगळ्यांना उभं केलं, उजवा हात छातीवर ठेवायला लावला आणि तीनदा म्हणायला लावलं, "मी खंबीर आहे. माझं चांगलंच होणार आहे."

सगळ्या म्हणाल्या. माझ्या शेजारी मोर्शीवाली होती, तीही खणखणीत म्हणाली. मग माझ्या कानाशी येऊन बोलली, "आता चहा देतात, का अजून एकदा खंबीर व्हा लागते?"

मला हसू आलं, पण छातीवरचा हात मी कधीच खाली घेतला होता. असं सगळ्यांबरोबर एका सुरात दुसऱ्यानं सांगितलेलं मी आधीही म्हटलेलं आहे. ते मला फार महागात पडलं. मला तेच सांगायचं आहे.

आमच्या गल्लीत बाईला नावानं कोणी हाक मारत नाही. जी ज्या गावाहून सून होऊन आली, ते तिचं नाव. मी चांदूरवाली. माझ्या घराला लागून मोर्शीवाली, वयानं मोठी, तोंडानं त्याहून मोठी. समोर दोघी जावा, त्यांचं घर एक आणि भांडण रोजचं. आणि गल्लीच्या टोकाला अकोटवाली. अकोटवाली कोचिंग क्लासच्या पोरांना डबे द्यायची. तिचा नवरा भाजीबाजारात हमाली करायचा आणि उरलेल्या वेळात सायकलवर तिचे डबे पोचवायचा. दोघं कधी भांडताना मी ऐकले नाहीत.

पहिलं लॉकडाऊन उठलं, त्या हिवाळ्यात आम्ही पाच जणींनी मिळून कर्ज काढलं. बँकेचं नाही, एका फायनान्स कंपनीचं. त्यांचं कर्ज एकट्या बाईला मिळत नाही. पाच जणींचा गट लागतो आणि पाचही जणी एकमेकींना जामीन. दर मंगळवारी वसुलीचे साहेब मोटरसायकलवर येणार, मोर्शीवालीच्या ओसरीत सतरंजीवर आम्ही गोल बसणार, पैसे मधे ठेवणार. पाचही हप्ते पूर्ण झाल्याशिवाय कोणी उठायचं नाही, हा त्यांचा नियम. पोर रडलं तरी नाही, गॅसवर दूध असलं तरी नाही. आणि सुरुवातीला हात पुढे करून शपथ म्हणायची, "आम्ही पाच जणी एक आहोत. एकीचा हप्ता तो सगळ्यांचा हप्ता." शाळेत प्रार्थना म्हणावी तसं. मोठ्या बायका आम्ही, लेकरांच्या आया, हात पुढे करून म्हणायचो.

सह्या केल्या तो दिवस मला स्पष्ट आठवतो. साहेब तरुण होते, माझ्या धाकट्या भावाएवढे. भराभर वाचत होते आणि आम्ही भराभर माना हलवत होतो. वाचता वाचता ते म्हणाले, "आणि ताई, यात विम्याचे पैसे कापले आहेत. उद्या पतीचं काही बरंवाईट झालं, तर..."

"ओ साहेब!" मोर्शीवाली एवढ्या जोरात ओरडली की ओसरीतलं मांजर पळालं. "जिभेले काही हाड? घरात लक्ष्मी येऊन राहिली अन् तुमी नवऱ्याच्या मरणाचं काढता?"

अकोटवालीनं मंगळसूत्र डोळ्यांना लावलं. समोरच्या थोरल्या जावेनं जमिनीला हात लावून कानाला लावला. धाकटीनं तिचं पाहून तसंच केलं. त्या दोघींचं त्या दिवशी प्रथमच एकमत झालं असेल. आमच्यात असंच असतं. सवाष्ण बाईसमोर नवऱ्याच्या मरणाचं वाक्य कोणी पूर्ण करत नाही. सुरू झालं तर ती तोडते. न तोडलं तर ती कसली बाई, असं लोक म्हणतात.

साहेब हसले. "बरं बरं, नाही वाचत. इथं सह्या करा." आम्ही केल्या. मोर्शीवालीनं त्यांना चहा दिला, वर ताकीद दिली की पुन्हा असलं अशुभ बोलायचं नाही. ते पुन्हा कधीच बोलले नाहीत. इतकं शहाणं पोर, आमचं हे एक म्हणणं त्यानं तंतोतंत पाळलं.

त्या पैशात मी पिको-फॉलची मशीन घेतली. आतापर्यंत दुसऱ्याच्या दुकानात बसून फॉल लावत होते, आता घरीच लावणार होते. दोऱ्यांचा डबा घेतला, सगळ्या रंगांचा. लग्नसराई तोंडावर होती. साड्या येऊ लागल्या. पहिल्या महिन्यात मी हप्ता भरून वर पोरीला चप्पल घेतली.

आणि आमच्या अमरावतीत पुन्हा बंद झालं. बाकी राज्य चालू होतं आणि आमची दुकानं बंद. लग्नं पुढे गेली. ज्यांची झाली त्यांनी जुन्याच साड्या नेसल्या. माझ्या नवऱ्याची शाळेची व्हॅन, ती तर पहिल्या लॉकडाऊनपासूनच दारात उभी होती. तिच्या चाकांभोवती गवत वाढलं. तो रोज सकाळी उठून ती पुसायचा. मी काही बोलायची नाही. माणसाला हाताला काही काम लागतं.

उन्हाळ्यात अकोटवालीचा नवरा गेला. ताप, मग दम, मग दवाखाना, मग फोन. सगळं आठवड्याच्या आत. तिला त्याचं तोंडही पाहू दिलं नाही. आम्ही तिच्या दारापर्यंत जाऊन लांब उभ्या राहिलो, कारण जवळ जायची सगळ्यांनाच भीती. ती आत भिंतीला टेकून बसली होती आणि डब्यांची रांग तशीच ओट्यावर, धुऊन पालथी घातलेली.

तेरवी व्हायची होती, आणि मंगळवार आला. साहेब आले. चपला बाहेर काढल्या, तिच्यासमोर बसले, हात जोडले. "ताई, फार वाईट झालं. कंपनीतर्फे मी दुःखात सहभागी आहे." आणि मग घड्याळ पाहून, "हप्त्याचं कसं करता?"

मी तिथं होते. माझ्या कानांनी ऐकलं. तिनं पदराच्या गाठीतून पैसे काढून दिले. त्यांनी मोजून घेतले, पावती दिली आणि जाताना पुन्हा हात जोडले. आज हे लिहिताना अक्षर आणखी बिघडलं आहे. तेव्हा मात्र मी गप्प उभी राहिले.

पुढचे हप्ते तिनं कसे भरले ते तिलाच माहीत. क्लासची पोरं गावी गेली होती, डबे बंद. पोळ्याच्या सुमारास ती दोन लेकरं घेऊन अकोल्याला बहिणीकडे निघून गेली. कोणाला सांगितलं नाही. सकाळी पाहिलं तर दाराला कुलूप.

त्या मंगळवारी सतरंजीवर आम्ही चौघी. साहेब म्हणाले, "शपथ आठवते ना, ताई? एकीचा हप्ता तो सगळ्यांचा."

तेव्हापासून आमच्यापैकी प्रत्येकीनं आपला हप्ता भरायचा आणि वर अकोटवालीच्या हप्त्याचा चौथा हिस्सा. पैसे पूर्ण होत नसले की बसून राहायचं. दुपारी बसलेल्या आम्ही दिवेलागणीपर्यंत बसून असायचो. समोरच्या जावांची सासू दारातून शिव्या द्यायची. एकदा धाकट्या जावेनं पायातली जोडवी काढून ठेवली, तेव्हा उठता आलं. मोर्शीवाली अकोटवालीच्या सात पिढ्या उद्धारायची. "गेली पयून! आपल्या उरावर बसवून गेली!" मी मान खाली घालून फॉल लावत राहायची. मशीनवर नाही, हातानंच, सतरंजीवर बसल्या बसल्या. वेळ का घालवायचा?

दिवाळीनंतरच्या एका मंगळवारी माझ्याकडे माझ्याच हप्त्याला पैसे कमी पडले. साहेब सोबत माझ्या घरी आले. नवरा बाहेर व्हॅनपाशी उभा होता. साहेबांनी माझ्या मशीनवर हात ठेवला, म्हशीच्या पाठीवर ठेवतात तसा. "ताई, विकली तर मोकळ्या व्हाल. गिऱ्हाईक मी पाहून देतो."

ती मशीन म्हणजे आमच्या चुलीत जे जळत होतं ते सगळं. ती गेली की मी पुन्हा दुसऱ्याच्या दुकानात, तेही दुकान उघडलं तर. पोरीची बारावी होती.

"नाहीतर," ते म्हणाले, "अकोल्याला जा तुम्ही बायका. तिच्या दारात बसा. आम्ही बसलो तर गुन्हा होते. तुम्ही बसल्या तर मैत्रिणी."

दारात बसणं म्हणजे काय, हे आमच्याकडे लहान पोराला माहीत आहे. सकाळी जायचं, उंबऱ्यासमोर फतकल मारायची, पाणीसुद्धा घ्यायचं नाही. येणारा-जाणारा विचारतो, "काऊन बसल्या हो बाई?" त्याला मोठ्यानं सांगायचं. संध्याकाळपर्यंत त्या घराची अब्रू राहत नाही. ज्याला कायद्यानं करता येत नाही ते काम त्यानं आमच्या हातून करून घ्यायचं ठरवलं, आणि आम्ही तयार झालो. मशीन वाचवायची होती. मी आणि मोर्शीवाली एसटीनं निघालो.

बडनेरा गेलं, मुर्तिजापूर गेलं, मोर्शीवालीची तालीम चालूच. "मी म्हणतो कशी, तुले लाज नाई वाटली काय वं? मंग तू म्हणजो, आमचे लेकरं उपाशी आहेत. म्हणशीन ना?"

मी म्हटलं, "हाव." मला माहीत होतं मी म्हणणार नाही.

अकोल्यात बहिणीचं घर विचारत विचारत गेलो. एक खोली आणि पुढे पत्र्याचं छप्पर. छपराखाली मोठा तवा, आणि तव्यासमोर अकोटवाली. कुंकवाशिवाय तिला पाहायची सवय मला अजून झाली नव्हती. कपाळ केवढं मोठं दिसत होतं. आम्हाला पाहून ती उठली नाही, घाबरली पण नाही.

"बसाले आल्या ना?" ती म्हणाली. "त्यानंच धाडलं असन. बसा. पण दुपार झाली आहे. जेवल्याबिगर माह्या दारात कोणी बसत नाई."

मोर्शीवालीची सगळी तालीम तिथंच सांडली. तिनं नाही नाही म्हटलं, पण अकोटवालीनं ताटं वाढली. आलू-वांग्याची भाजी, वर भरपूर सांबार, म्हणजे कोथिंबीर, आणि गरम पोळी. तिच्या हातची भाजी खाऊन वर्ष होत आलं होतं. आम्ही दारात बसायला आलो होतो आणि तिच्या दारात बसून जेवत होतो.

जेवताना कळलं की ती एका खानावळीला पोळ्या करून देते. नगावर पैसे. खानावळीचा पोऱ्या तासाभरात न्यायला येणार आणि अजून अर्धी कणीक पडलेली. मोर्शीवालीनं हात धुतले, पदर खोचला आणि पोळपाट ओढला.

"काय करून राहिली?" अकोटवालीनं विचारलं.

"तुह्या कामाची गती पाहून मले झोप येऊन राहिली. सरक."

"काकू, तुमची पोयी वाकडी होते."

"खानावळीत कोण गोल पाह्यते वं? खाणाऱ्याचं तोंड कोणतं गोल असते?"

मी भाजायला बसले. तिघी हसलो. मला वाटतं गेल्या वर्षभरात आम्ही पहिल्यांदा हसलो असू. पण हसता हसता अकोटवालीचा हात थांबला.

"काकू," ती म्हणाली, "एक विचारू? त्या दिवशी सह्या करताना साहेब ते अशुभ बोलले ना. माह्या मनातून ते जात नाई. वाटते, ते वाक्यच माह्या घरात शिरलं. तुमी तोडलं, पण उशिरा तोडलं."

मोर्शीवालीचा चेहरा पडला. "असं नको म्हणू, माय."

मी तव्यावरची पोळी उलटायला विसरले. माझ्या डोक्यात ते वाक्य फिरू लागलं. विम्याचे पैसे कापले आहेत. पतीचं काही बरंवाईट झालं, तर. मी त्यांच्या सगळ्यात जवळ बसले होते. "तर" मी ऐकलं होतं.

"तर काय?" मी म्हटलं.

दोघींनी माझ्याकडे पाहिलं. मी सहसा बोलत नाही ना.

"ते म्हणाले, बरंवाईट झालं तर. तर काय होते? पुढचं आपल्यापैकी कोणालेच माहीत नाई."

पोळी जळाल्याचा वास आला. मी ती तव्यावरून काढली. विम्याचे पैसे कापतात ते काहीतरी देण्यासाठीच कापत असतील, एवढं चौथी शिकलेल्या बाईलाही कळतं. फक्त तिनं ते वाक्य मरणाचं म्हणून न ऐकता ऐकून घ्यायला हवं. शेवटी अकोटवालीच बोलली. "मले आता काय अशुभ व्हायचं राह्यलं? विचारा त्याले."

 परतीच्या बसमध्ये बडनेऱ्याला मोर्शीवाली म्हणाली, "तू विचार. मी तोडलं, माह्या तोंडून ते निंघणार नाई."

माझी त्या रात्री झोप उडाली. मी आणि विचारणार! पण मंगळवार आला. सतरंजी घातली. साहेबांनी विचारलं, "काय, बसल्या का दारात?" आणि शपथेसाठी हात पुढे केला. आम्ही कोणी हात पुढे केला नाही.

माझा आवाज फाटला, तरी मी म्हटलं, "साहेब, सह्यांच्या दिवशी तुमचं एक वाक्य आम्ही अर्ध्यात तोडलं होतं. पतीचं काही बरंवाईट झालं तर... ते आज पूर्ण करा."

त्यांनी मोबाईल काढला. मोबाईलमध्ये काही नव्हतं, मला दिसत होतं. "ते काय ताई, जुनं झालं."

"पूर्ण करा."

"तर... उरलेलं कर्ज विम्यातून भरल्या जाते." मग घाईघाईनं, "पण त्याले मुदत असते, कागद असतात. मुदत गेली आता."

समोरची थोरली जाऊ म्हणाली, "म्हणजे ते गेले त्या दिवसापासून अकोटवालीकडे काहीच बाकी नव्हती?"

"आणि आमी तिचे हप्ते भरून राहिलो?" धाकटी म्हणाली. तिनं आपल्या मोकळ्या पायाच्या बोटांकडे पाहिलं.

साहेब म्हणाले, "तुम्हीच तर म्हटलं होतं, असलं बोलू नका म्हणून."

या एका वाक्याचा राग माझ्या मनातून अजून गेलेला नाही. आमची भीती त्यांनी आमच्याच गळ्यात बांधली. तेरवीच्या आधी त्या घरात बसून हप्ता मोजून घेतला, तेव्हा अकोटवाली सवाष्ण होती का? तेव्हा तिला आणखी काय अशुभ वाटणार होतं? तेव्हा सांगितलं असतं तर चार बायका दिवेलागणीपर्यंत बसून राहिल्या नसत्या, एक बाई रातोरात गाव सोडून गेली नसती, आणि मोर्शीवालीनं तिच्या सात पिढ्यांना नावं ठेवली नसती. आम्ही वाक्य तोडलं ते आमचं अडाणीपण, मान्य आहे. पण आमचं अडाणीपण त्यांनी बाजारात नेऊन विकलं.

मी उठले. पैसे पूर्ण झाले नव्हते, तरी उठले. पायाला मुंग्या आल्या होत्या म्हणून जरा भिंत धरली. मागोमाग बाकीच्याही उठल्या. नियम मोडल्यावर आभाळ वगैरे काही कोसळलं नाही. साहेबांनी बॅगेची चेन लावली, एवढंच.

मग ऑफिसचे हेलपाटे सुरू झाले. आम्ही कळवलं की आपापला हप्ता ऑफिसात आणून भरू, अकोटवालीचा एक रुपया भरणार नाही. अकोटवालीनं मृत्यूचा दाखला आणला, रेशनकार्डासाठी काढून ठेवलेला होता. तिथले साहेब म्हणाले, झेरॉक्स चालत नाही. मग म्हणाले, अर्ज छापील पाहिजे. मग म्हणाले, मुदत गेली. मग म्हणाले, मोठे साहेब सुटीवर आहेत. प्रत्येक वेळी वरून सांगायचे, "निगेटिव्ह विचार करू नका ताई, होऊन जाईल." बसायला खुर्ची देत नव्हते, तो सल्ला मात्र फुकट.

तेव्हा मोर्शीवाली म्हणाली, "यानंच आपल्याले शिकवलं ना दारात बसाले? चला मंग."

आम्ही त्यांच्या दारात बसलो. दर मंगळवारी, आमच्या जुन्याच वारी. ओरडाआरडा नाही, घोषणा नाही. काचेच्या दरवाज्यासमोर पायऱ्यांवर फक्त बसणं. दोघी बसणार, उरलेल्या दोघी चौघींच्या घरचं पाहणार, आणि पुढच्या मंगळवारी अदलाबदल. अकोटवालीला जमेल तेव्हा ती पहाटेच्या एसटीनं येऊन बसायची. पोळ्या नाही झाल्या तर तिचा त्या दिवसाचा पैसा बुडायचा, म्हणून तिला दर वेळी यायला आम्हीच मनाई केली. मी साड्या घेऊन जायची आणि पायरीवर फॉल तुरपायची. जावा मेथी निवडायच्या. कर्ज मागायला येणाऱ्या नव्या बायका विचारायच्या, "काऊन बसल्या हो बाई?" आणि आम्ही सांगायचो. वाक्य शेवटपर्यंत पूर्ण सांगायचो. मोर्शीवालीचीही जीभ मग सैल झाली. "नवरा मेला तर काय मियते ते आधी विचारून घ्या, बाप्पा! मंग सही करा!" कितीतरी बायका तोंडावर पदर धरायच्या. काही जणी मात्र आत जाऊन विचारायच्या, आणि तेच आतल्या लोकांना जड जाऊ लागलं.

त्या दिवसांत आमचं चांगलंच होणार आहे असं मला एकदाही वाटलं नाही. खरं सांगते. मला वाटायचं, यांची माणसं मोठी, आपण कोण? मुदतीचं त्यांचं खरंही असेल. पैसे येणार नाहीत अशीच मनाची तयारी होती, आणि मी नवऱ्याला सांगूनही ठेवलं होतं की होळीपर्यंत पाहू, नाहीतर मशीन देऊ. पण पुढच्या मंगळवारी कोणी बसायचं आणि कोणाच्या घरी कोणी भाकरी टाकायच्या हे ठरलेलं असायचं. मला माहीत असलेली आशा एवढीच. ती छातीवर हात ठेवून आलेली नव्हती. भाकरी कोण टाकणार ते ठरवण्यातून आली होती. त्या स्टेजवरच्या बाईंना हे सांगायचं होतं, पण माइक त्यांच्या हातात होता.

होळीच्या आधी मोठे साहेब स्वतः बाहेर पायरीवर आले. बाहेरगावचे असावेत, स्वच्छ मराठी बोलत होते. त्यांनी विचारलं, मृत्यू झाल्याचं कंपनीला तेव्हा कळवलं होतं का? अकोटवाली त्या दिवशी आलेली होती. तिनं पिशवीतून त्या मंगळवारची पावती काढली. "तेरवीच्या आधी तुमचा माणूस माह्या घरी बसून गेला. दुःखात सहभागी आहो म्हणे, कंपनीतर्फे. मंग कंपनीले माहीत नोतं का?"

 त्यांनी पावती पाहिली, तिच्याकडे पाहिलं आणि तिला आत बोलावलं. आम्हालाही. त्या दिवशी आम्हाला पहिल्यांदा खुर्च्या मिळाल्या. माफी कोणी मागितली नाही. आमचे वसुलीचे साहेब तिथं नव्हते, त्यांची दुसऱ्या तालुक्यात बदली झाली म्हणे. तिथल्या ओसऱ्यांमध्येही बायका वाक्य तोडत असतील, आणि ते हसून बरं बरं म्हणत असतील. हे मनात आलं की अजून भूक जाते.

कर्ज बंद झाल्याचा कागद आला. नवरा गेल्यानंतर तिच्या नावावर भरलेले सगळे हप्ते, तिचे आणि आमचे, अकोटवालीच्या खात्यात परत जमा झाले. पैसे तिच्या हातात, ती अकोल्यात. गल्लीत एकदोघांनी म्हटलंही, आता कशाला येते ती. आम्ही चौघींपैकी कोणी फोन केला नाही.

ती चौथ्या दिवशी आली. मंगळवार नव्हता, तरी मोर्शीवालीनं सतरंजी घातली. अकोटवालीनं पिशवीतून चार वेगवेगळ्या गाठी काढल्या, रुमालाच्या तुकड्यांत बांधलेल्या. प्रत्येकीचा हिशेब तिच्या बहिणीच्या पोरीनं करून दिला होता. धाकट्या जावेच्या गाठीत जोडव्यांच्या किमतीएवढे वेगळे बांधले होते. ते तिच्या पदरचे होते, कंपनीचे नव्हते. जाऊ नाही म्हणाली, तर अकोटवाली म्हणाली, "घे वं. मले रातच्याले झोप पाह्यजे."

मोर्शीवालीनं आपली गाठ न सोडताच कमरेला खोचली. अकोटवाली म्हणाली, "काकू, मोजून घ्या. पुढचं न ऐकता सही करायची सवय आहे तुमाले."

मोर्शीवालीनं गाठ सोडली आणि थुंकी लावून एकेक नोट मोजली. मग आम्ही तिघींनी मोजल्या. कोणाचा एक रुपया कमी नव्हता.